रांगेपासून लोकशाहीपर्यंत : क्रिस्टेन न्यूगोर यांची संशोधनयात्रा

१९६७ सालच्या वसंत ऋतूतील गोष्ट. नॉर्वेची राजधानी ऑस्लो येथील नॉर्वेजियन संगणन केंद्रात नव्याने रुजू झालेला एक कर्मचारी घाबऱ्याघुबऱ्या टेलिफोन ऑपरेटरच्या खोलीत शिरला. वरच्या मजल्यावरील व्हरांड्यात फळ्यासमोर दोन माणसांची जबर मारामारी जुंपली आहे, आता काय करावे, असे तो विचारू लागला. ऑपरेटर बाई बाहेर आल्या, त्यांनी क्षणभर कानोसा घेतला आणि शांतपणे सांगितले की, काळजीचे काही कारण नाही. दाल आणि न्यूगोर सिम्युलाची चर्चा करीत आहेत, इतकेच.

त्या फळ्यासमोर चाललेल्या भांडणातून जे निष्पन्न झाले, त्याच्या पायावर आज जगातील संगणकाच्या आज्ञावलींचा फार मोठा भाग उभा आहे. भांडणाऱ्यांपैकी ऊले-योहान दाल हे अबोल, संकोची वृत्तीचे गणिती. दुसरे क्रिस्टेन न्यूगोर हे धिप्पाड देहाचे, मोठ्या आवाजाचे आणि माणसांत रमणारे. या दुसऱ्या गृहस्थांची ओळख वाचकांना करून द्यावी असे मनात आहे. त्यांनी संगणकाला एक नवी भाषा दिली हे तर खरेच. परंतु आपण घडविलेले साधन कोणाच्या हाती जाईल आणि कोणाच्या जीवनावर त्याचा भार पडेल, हा प्रश्न त्यांनी स्वतःला विचारला व त्याच्या उत्तरासाठी आपले पुढील आयुष्य खर्ची घातले. शास्त्रज्ञांच्या चरित्रांत ही गोष्ट वारंवार आढळत नाही.

रांगेचे कोडे

न्यूगोर यांचा विषय होता सिम्युलेशन, म्हणजे प्रतिरूपण. हा शब्द अवजड वाटला तरी त्यामागील कल्पना आपल्या नित्य परिचयाची आहे. तिकिटाच्या खिडकीपुढील रांग डोळ्यांसमोर आणा. समजा, सरासरीने दर सहा मिनिटांनी एक माणूस येतो आणि प्रत्येकाचे काम उरकण्यास सरासरीने पाच मिनिटे लागतात. तासाला दहा माणसे येणार आणि खिडकीवरील कारकून तासाला बारा माणसांचे काम करू शकणार. म्हणजे त्याला दहा मिनिटांची उसंतही मिळावी. अशा खिडकीपुढे रांग लागण्याचे कारणच काय, असे कोणीही म्हणेल.

माणसे घड्याळाच्या काट्याप्रमाणे नेमकी सहा मिनिटांच्या अंतराने आली आणि प्रत्येकाचे काम नेमके पाच मिनिटांत झाले, तर रांग खरोखरच लागणार नाही. पण माणसे तशी येत नाहीत. कधी चौघे एकदम येतात, कधी पंधरा मिनिटे कोणी फिरकत नाही. एकाला सुटे पैसे हवे असतात, दुसऱ्याला दहा प्रश्न विचारायचे असतात. येणे आणि काम ही दोन्ही पूर्णपणे अनियमित धरून गणित मांडले, तर दीर्घकाळात प्रत्येकाला रांगेत सरासरी २५ मिनिटे तिष्ठावे लागते. आणि तशीच दुसरी खिडकी उघडून दोन्हींसाठी एकच रांग ठेवली, तर ही प्रतीक्षा साडेबारा मिनिटांवर न थांबता मिनिटभराच्या आसपास येते! सामान्य व्यवहारबुद्धी येथे चकते.

हे उदाहरण सोपे असल्याने त्याचे उत्तर सूत्राने मिळते. परंतु एका खिडकीवरून दुसऱ्या खिडकीवर जावे लागत असेल, मध्येच एखाद्या कारकुनाची जेवणाची सुटी होत असेल, काही जणांना रांग सोडून आत घ्यावे लागत असेल, तर सूत्रे हात टेकतात. बंदर, रुग्णालय, कारखाना, विमानतळ यांचे व्यवहार असेच गुंतागुंतीचे असतात. तेथे एकच मार्ग उरतो. त्या व्यवहाराची एक खोटी प्रतिकृती कागदावर किंवा यंत्रात उभी करावयाची, खोटी माणसे खोट्या वेळेला आणावयाची, ती केव्हा येतील हे फाशांचे दान टाकावे तसे यदृच्छेने ठरवावयाचे, आणि हजारो वेळा हा खेळ खेळून काय घडते त्याची नोंद ठेवावयाची. यालाच प्रतिरूपण म्हणतात. खरी इमारत बांधण्यापूर्वी, खरी माणसे तिष्ठत ठेवण्यापूर्वी चूक कळावी, हा त्याचा हेतू.

हाताने मांडलेला खेळ

क्रिस्टेन न्यूगोर यांचा जन्म २७ ऑगस्ट १९२६ रोजी ऑस्लोमध्ये झाला. सक्तीच्या लष्करी सेवेच्या निमित्ताने १९४८ मध्ये ते नॉर्वेच्या संरक्षण संशोधन संस्थेत दाखल झाले आणि पुढे १९६० पर्यंत तेथेच राहिले. त्या काळी तो लहानसा देश आपली पहिली अणुभट्टी उभारण्याच्या खटपटीत होता. ऑस्लोजवळ शेलर येथील ही भट्टी डच शास्त्रज्ञांच्या सहकार्याने बांधली गेली आणि १९५१ मध्ये सुरू झाली. युरेनियमच्या भंजनातून सुटलेले न्यूट्रॉन मंदावत असताना त्यांपैकी किती वाटेतच गिळंकृत होतात, याचे गणित १९४९ मध्ये तरुण न्यूगोर यांच्याकडे आले.

रूढ पद्धतीने त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी आकडेमोडीचे डोंगर उपसले. पुढे १९५० मध्ये त्यांनी निराळाच मार्ग धरला. अमेरिकेत स्टॅनिस्लाव उलाम या गणितज्ञांना १९४६ मध्ये आजारातून उठत असताना पत्त्यांचा एकट्याने खेळावयाचा डाव मांडता मांडता एक कल्पना सुचली होती. डाव जमण्याची शक्यता गणिताने काढण्यापेक्षा शंभर डाव खेळून किती जमतात ते मोजणे सोपे, ही ती कल्पना. जॉन फॉन नॉयमन यांच्या साहाय्याने ती अणुविज्ञानात रुजली आणि जुगारासाठी प्रसिद्ध असलेल्या गावावरून तिला 'माँटे कार्लो पद्धत' असे नाव पडले. न्यूगोर यांनी हीच पद्धत वापरली, पण त्यांच्याजवळ संगणक नव्हता. एका काल्पनिक न्यूट्रॉनला कागदावर सोडावयाचे, यदृच्छेच्या आकड्याने त्याची पुढची टक्कर ठरवावयाची, तो वाचला की संपला ते लिहावयाचे आणि दुसरा न्यूट्रॉन घ्यावयाचा. हे सारे हातांनी!

या कामाने त्यांच्या मनाला एक वळण लावले. १९५२ पासून ते परिचालन संशोधनाकडे, म्हणजे मोठ्या संस्थांच्या कामकाजाचा शास्त्रीय अभ्यास करण्याकडे वळले. त्याच वर्षी ऊले-योहान दाल हेही लष्करी सेवेसाठी संस्थेत आले. दाल यांचा जन्म १९३१ चा. न्यूगोर यांच्याहून ते पाच वर्षांनी लहान. पुढे संस्थेत फेरांटी कंपनीचा मर्क्युरी संगणक आला आणि दाल यांची या यंत्राशी गट्टी जमली. न्यूगोर माणसांच्या आणि कामाच्या जगाकडे पाहत होते, दाल यंत्राच्या अंतरंगाकडे. या दोन दृष्टींचा संगम व्हावयाचा होता.

सिम्युलाचा जन्म

१९६० मध्ये न्यूगोर नॉर्वेजियन संगणन केंद्रात आले आणि तेथे त्यांच्यापुढे नागरी जीवनातील प्रश्न येऊ लागले. त्यांच्या लक्षात आले की, लष्कराचा प्रश्न असो वा कारखान्याचा, अडचण दोनच ठिकाणी आहे. एक तर अशा गुंतागुंतीच्या व्यवहाराचे नेमके वर्णन करण्यास योग्य शब्दच नाहीत. दुसरे म्हणजे वर्णन जमले तरी ते संगणकाला समजेल अशा स्वरूपात उतरविताना प्रत्येक वेळी पहिल्यापासून कष्ट उपसावे लागतात. म्हणून त्यांच्या मनाने घेतले की, दोन्ही कामे करणारी एकच भाषा हवी. माणसाने ती वाचून व्यवहार समजून घ्यावा आणि तोच मजकूर यंत्राने चालवून दाखवावा. ५ जानेवारी १९६२ रोजी शार्ल साल्झमान या फ्रेंच तज्ज्ञांना लिहिलेल्या पत्रात या भाषेचा पहिला लेखी उल्लेख आढळतो. विशेष म्हणजे यंत्राचा भाग बाजूला ठेवला तरी वर्णनाच्या या कल्पनांना स्वतंत्र मोल आहे, असा अभिप्राय त्यांनी तेव्हाच नोंदविला होता.

कल्पना होती, पण तिला साजेसे यंत्र नव्हते. त्याच वर्षी मे महिन्यात युनिव्हॅक या अमेरिकन कंपनीने आपले नवे यंत्र दाखविण्यासाठी न्यूगोर यांना अमेरिकेत बोलाविले. विकत घेण्यासाठी आलेल्या या पाहुण्याने आपली भाषाच कंपनीच्या गळी उतरविली. परिणामी युनिव्हॅक ११०७ हे बलाढ्य यंत्र ऑस्लोच्या केंद्राला निम्म्या किमतीत मिळाले आणि मोबदल्यात केंद्राने कंपनीसाठी आज्ञावली तयार करावयाच्या असे ठरले. ऑगस्ट १९६३ मध्ये यंत्र ऑस्लोला पोहोचले आणि दाल यांच्या असामान्य कौशल्यामुळे १९६४ च्या अखेरीस सिम्युला ही भाषा त्यावर चालू लागली.

या भाषेचे वैशिष्ट्य काय? आरंभी दोघांचा विचार असा होता की, जगात काही केंद्रे असतात आणि त्यांतून ग्राहक फिरतात. केंद्र काम करते आणि ग्राहक निमूटपणे पुढे सरकतो. पण खोलात जाता हा भेद टिकेना. रुग्णालयात डॉक्टर रोग्याची वाट पाहतो की रोगी डॉक्टरची? दोन्हीही खरे. शेवटी १९६४ च्या प्रारंभी त्यांनी हा उच्चनीच भेदच मोडून काढला. भाषेतील प्रत्येक घटकाला त्यांनी स्वतःची माहिती, स्वतःचा कार्यक्रम आणि वाट पाहण्याची मुभा दिली. सारे आपापले जीवन जगतात आणि प्रसंगाप्रसंगाने एकमेकांना भेटतात. भाषेतील घड्याळही मोठे चतुर. मध्ये काही घडत नसेल तर ते एका घटनेवरून थेट पुढील घटनेवर उडी घेते. त्यामुळे महिन्याचा व्यवहार काही क्षणांत पाहता येतो.

प्रारंभी ज्याचा उल्लेख केला ते भांडण यापुढच्या पायरीचे. पुलावरील जकात नाक्याचे उदाहरण ते दोघे हाताळीत होते. तेथे मालमोटारी येतात, बसगाड्या येतात, लहान मोटारी येतात. प्रत्येकीचे वर्णन निरनिराळे लिहावयाचे म्हटले, तर रांगेत उभे राहणे, पुढे सरकणे हे समान गुण पुन्हा पुन्हा लिहावे लागतात. मग 'वाहन' असा एकच वर्ग कल्पून समान गुण त्यात एकदाच का सांगू नयेत? मालमोटार आणि बस हे त्याचे उपवर्ग. घराण्याचे गुण ते वारशाने घेतील आणि आपले वेगळेपण तेवढे जवळ बाळगतील. टोनी होअर या ब्रिटिश शास्त्रज्ञांच्या लेखनातून मिळालेला धागा पुढे नेऊन १९६६-६७ च्या हिवाळ्यात दोघांनी ही कल्पना सिद्धीस नेली आणि मे १९६७ मध्ये ऑस्लोजवळ लीसेबू येथील परिषदेत ती मांडली. भाषेच्या या नव्या रूपाला 'सिम्युला ६७' असे नाव मिळाले.

वर्ग, उपवर्ग आणि वस्तू यांची ही भाषा आज संगणकाचा प्रत्येक विद्यार्थी शिकतो. अमेरिकेत अ‍ॅलन के यांनी सिम्युलापासून स्फूर्ती घेऊन स्मॉलटॉक ही भाषा रचली. डेन्मार्कचे ब्यार्ने स्ट्रॉस्ट्रुप यांनी केंब्रिज येथे संशोधन करताना सिम्युला वापरली, तिच्या विचारांवर ते लुब्ध झाले, पण तिच्या मंद गतीने त्रासले. त्यातूनच १९७९ मध्ये त्यांनी ज्या भाषेचे काम हाती घेतले, तिला आज आपण सी प्लस प्लस म्हणून ओळखतो. जकात नाक्यावरील मालमोटारीचा वंश असा विस्तारला.

चित्र कोणाचे, कोणासाठी?

दुसरा एखादा संशोधक या यशावर समाधानाने विसावला असता. न्यूगोर मात्र अस्वस्थ होते. त्यांच्या भाषेचा उपयोग उद्योगांतील कामाची आखणी करण्याकडे होणार हे उघड होते. कामगार कोठे उभा राहील, किती वेळ थांबेल, किती माणसे पुरेशी होतील याचे चित्र यंत्रात काढले जाणार. ते पाहून व्यवस्थापक निर्णय घेणार. आणि ज्याच्या कामाचे ते चित्र, त्या कामगाराला त्याची वार्ताही नसणार. रांगेच्या गणितात माणूस हा एक आकडा असतो. पण त्या आकड्याच्या मागे घरदार असलेला जीव उभा आहे, याचा त्यांना विसर पडला नाही.

पुढे याच विचाराला स्टाइन ब्रोटेन या नॉर्वेजियन समाजशास्त्रज्ञांनी १९७३ मध्ये 'प्रतिरूपाची मक्तेदारी' असे नाव दिले. दोन पक्ष चर्चेला बसले आणि एकाजवळच परिस्थितीचे तयार चित्र असले, तर दुसरा पक्ष नकळत त्याच चित्राच्या भाषेत बोलू लागतो. मग जितकी अधिक चर्चा होईल तितके पहिल्याचे वर्चस्व वाढते. चर्चा झाली एवढ्यावरून न्याय झाला असे म्हणता येत नाही.

न्यूगोर यांनी यावर उपाय शोधला तो कामगारांत जाऊन. नॉर्वेच्या लोह व धातू कामगार संघटनेबरोबर १९७१ ते १९७३ या काळात त्यांनी एक प्रकल्प चालविला. आरंभी त्याचे स्वरूप नेहमीचेच होते. तज्ज्ञांनी पाहणी करावी आणि संघटनेला अहवाल सादर करावा. पण अहवाल कपाटात जातात आणि कामगार होते तेथेच राहतात, हे लवकरच ध्यानी आले. तेव्हा न्यूगोर यांनी 'निष्पत्ती' या शब्दाचा अर्थच पालटला. प्रकल्पाची निष्पत्ती म्हणजे अहवाल नव्हे. कारखान्यातील कामगारांनी या ज्ञानाच्या बळावर स्वतः जे पाऊल उचलले तीच निष्पत्ती. त्यानुसार कामगारांसाठी पाठ्यपुस्तके तयार झाली, अभ्यासवर्ग भरले आणि आपल्या कारखान्यात येऊ घातलेल्या यंत्रणेची छाननी कामगार स्वतः करू लागले.

याचे फळ दूरवर पोहोचले. १९७५ मध्ये नॉर्वेतील कामगार महासंघ आणि मालक महासंघ यांच्यात देशव्यापी करार झाला. संगणकाची नवी यंत्रणा आणण्यापूर्वी कामगारांना समजेल अशा भाषेत तिची माहिती देणे आवश्यक ठरले आणि या कामासाठी स्वतःचा खास प्रतिनिधी निवडण्याचा हक्क त्यांना मिळाला. १९७७ च्या कार्यपरिस्थितीविषयक कायद्यातही या तत्त्वाला स्थान लाभले. यंत्रणा जे वापरणार त्यांना तिच्या घडणीत वाटा हवा, हा विचार पुढे स्कँडिनेव्हियाची खास देणगी म्हणून जगभर ओळखला जाऊ लागला.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. न्यूगोर यांचे हे कार्य त्यांच्या शास्त्राहून वेगळे नव्हते. ते त्याच शास्त्राचे पुढचे पाऊल होते. सिम्युला रचताना 'निमूट ग्राहक' त्यांनी पुसून टाकला होता आणि प्रत्येक घटकाला स्वतःचा कार्यक्रम दिला होता. जे फळ्यावर पटले तेच त्यांनी कारखान्यात मागितले.

दोघांचा निरोप

पुढील काळात न्यूगोर यांनी विद्यापीठात अध्यापन केले आणि तरुण सहकाऱ्यांसह 'बीटा' ही नवी भाषा रचली. सार्वजनिक जीवनातही ते मागे राहिले नाहीत. नॉर्वेने युरोपीय संघात सामील व्हावे की नाही, या प्रश्नावर विरोधी पक्षाच्या चळवळीचे ते अध्यक्ष होते. २८ नोव्हेंबर १९९४ च्या सार्वमतात ५२.२ टक्के मतदारांनी नकाराचा कौल दिला. त्या निर्णयाविषयी मतभेद असू शकतात. परंतु प्रयोगशाळेत बसणाऱ्या माणसाने देशाच्या भवितव्याविषयी बोलू नये, हे त्यांना कधीच मान्य झाले नाही. दाल मात्र आपल्या वृत्तीप्रमाणे विद्यापीठात आणि संगीतात रमले. स्वभाव इतके भिन्न असूनही स्नेह अभंग राहिला.

मोठे सन्मान आले ते सायंकाळी. संगणकशास्त्रातील सर्वोच्च मानले जाणारे २००१ चे ट्यूरिंग पारितोषिक दोघांना मिळून देण्यात आले आणि पाठोपाठ जॉन फॉन नॉयमन पदकही लाभले. पारितोषिकानंतर द्यावयाचे व्याख्यान मात्र होऊ शकले नाही. २९ जून २००२ रोजी दाल निवर्तले आणि बरोबर सहा आठवड्यांनी, १० ऑगस्ट २००२ रोजी न्यूगोर यांनीही इहलोकीची यात्रा संपविली.

आज आपल्या समाजातील कितीतरी घरांतील मुले आणि मुली संगणकाच्या व्यवसायात आहेत. कोणी बँकेची यंत्रणा लिहितो, कोणी रुग्णालयाची, कोणी साथ कशी पसरेल याचे प्रतिरूप मांडतो. त्यांच्या कानावर न्यूगोर हे नाव कदाचित आले नसेल, पण त्यांच्या भाषेतील वर्ग आणि वस्तू ते रोज हाताळीत असतात. त्या भाषेबरोबर न्यूगोर यांचा प्रश्नही त्यांच्यापर्यंत पोहोचावा असे वाटते. आपण ज्यांच्या कामाचे चित्र काढीत आहोत, त्यांना ते दाखविले आहे काय? ते पाहून "हे असे नाही, आमच्याकडे निराळे घडते" असे म्हणण्याची त्यांना सोय आहे काय? खिडकीच्या आतील कारकुनाला आणि बाहेर तिष्ठणाऱ्या म्हातारीला विचारल्यावाचून रांगेचे गणित पुरे होत नाही. फळ्यापाशी तावातावाने भांडणाऱ्या त्या नॉर्वेजियन गृहस्थांनी आपल्या साऱ्या कारकिर्दीत हेच सांगितले, आणि सांगून न थांबता आचरूनही दाखविले.